हप्ता दिसतो, मुदत दिसत नाही

पुण्यात किंवा ठाण्यात फ्लॅट घेणारे मध्यमवर्गीय कुटुंब व्यवहारात किती चिकित्सक असते, हे बिल्डरच्या विक्री कार्यालयात तासभर बसले तरी कळते. चौरस फुटाचा भाव, फ्लोअर राइज म्हणजे वरच्या मजल्याचे जादा पैसे, पार्किंगचे वेगळे पैसे, बाल्कनी कार्पेटमध्ये, म्हणजे भिंतींच्या आतल्या क्षेत्रात, धरली आहे की नाही, सोसायटीच्या देखभालीचे आगाऊ पैसे किती, अशा एकेका मुद्द्यावर फेऱ्यांवर फेऱ्या होतात आणि शेवटी लाख-पन्नास हजार कमी करून घेतल्याशिवाय बुकिंगचा धनादेश फाडला जात नाही. त्याच कार्यालयात शेजारच्या टेबलावर कर्जाचा एजंट बसलेला असतो. तो एकच प्रश्न विचारतो: ‘महिन्याला किती झेपेल?’ त्याचे उत्तर मिळाले की उरलेले गणित तो उलटीकडून मांडतो. कर्जाची रक्कम घराच्या किमतीने ठरवलेली, दर बँकेने ठरवलेला, हप्ता आपण सांगितलेला. मग हलवता येण्यासारखी गोष्ट एकच उरते, ती म्हणजे मुदत. वीस वर्षांत बसत नसेल तर पंचवीस, पंचवीसमध्ये बसत नसेल तर तीस. लाखभरासाठी महिना घालवणारे कुटुंब पुढची दहा वर्षे पाच मिनिटांत देऊन टाकते.

गृहकर्जाविषयी आपल्याकडे चर्चा होते ती दराची. पाव टक्का कमी कोण देतो, रिझर्व्ह बँकेने रेपो दर (ती बँकांना ज्या दराने कर्ज देते तो) हलवला की नाही, सरकारी बँक बरी की खासगी, यावर कार्यालयातल्या जेवणाच्या डब्याभोवती सगळेच बोलतात. माझे म्हणणे असे आहे की कर्जाची खरी किंमत दराइतकीच, किंबहुना त्याहून अधिक, मुदतीने ठरते. ही मुदत कर्जदाराला नीट दाखवली जात नाही, आणि दर वाढले की सर्वांत आधी, बहुतेक वेळा त्याला न विचारता, तीच ताणली जाते. हा केवळ वैयक्तिक आर्थिक शहाणपणाचा प्रश्न नाही. एका बाजूला आयुष्यात एकदा किंवा दोनदा कर्ज घेणारा माणूस आणि दुसऱ्या बाजूला रोज शेकडो कर्जे मंजूर करणारी संस्था असा हा करार असल्याने त्यात काय दाखवायचे आणि काय परस्पर बदलायचे, हे नियमांनीच ठरायला हवे.

आकडे मांडून पाहू. ५० लाखांचे कर्ज, दर ८.५ टक्के, मुदत २० वर्षे. मासिक हप्ता ४३,३९१ रुपये येतो आणि २४० हप्त्यांत एकूण १ कोटी ४ लाखांहून थोडी अधिक रक्कम भरावी लागते, म्हणजे ५४ लाख नुसते व्याज. हे बहुतेकांना ढोबळमानाने ठाऊक असते. ठाऊक नसते ते कर्जखात्याच्या उताऱ्यात दिसते. पहिल्या ओळीत हप्ता ४३,३९१. त्यातले व्याज ३५,४१७ आणि मुद्दल ७,९७४. पहिली पाच वर्षे एकही हप्ता न चुकवता २६ लाख रुपये भरल्यावर शिल्लक मुद्दलाचा रकाना पाहावा, तर तिथे ४४ लाख ६ हजारांच्या आसपासचा आकडा असतो. २६ लाख गेले आणि कर्ज सहा लाखांनीही हलले नाही. बरोबर अर्धी मुदत, म्हणजे दहा वर्षे उलटल्यावर सुमारे ३५ लाख बाकी असतात. अर्धे मुद्दल फिटायला जवळजवळ चौदा वर्षे लागतात. यात बँकेने कोणतीही लबाडी केलेली नसते. शिल्लक रकमेवर व्याज आणि हप्ता समान, या दोन अटी एकत्र आल्या की सुरुवातीचा हप्ता बहुतेक व्याजानेच भरतो. पण याचा अर्थ असाही होतो की सातव्या किंवा आठव्या वर्षी घर विकावे लागलेल्या माणसाने भरलेले बरेचसे पैसे व्याजात गेलेले असतात, आणि ‘भाडे भरण्यापेक्षा हप्ता भरलेला बरा’ हे वाक्य त्याच्या बाबतीत तितकेसे खरे ठरत नाही.

आता हेच कर्ज तीस वर्षांसाठी घेतले तर हप्ता ३८,४४६ रुपये होतो. महिन्याला वाचतात ४,९४५ रुपये. एकूण व्याज मात्र ५४ लाखांवरून ८८ लाखांवर जाते. उलट पंधरा वर्षांची मुदत घेतली तर हप्ता ४९,२३७ रुपये आणि एकूण व्याज साडेअडतीस लाखांच्या आसपास. वीस वर्षांच्या पुढे मुदत कितीही ताणली तरी हप्ता फारसा उतरत नाही, कारण ५० लाखांवरचे पहिल्या महिन्याचे व्याजच ३५,४१७ रुपये आहे आणि त्याखाली हप्ता जाऊच शकत नाही. विक्रीच्या टेबलावर सांगितले जाते ते महिन्याचे पाच हजार; त्यांच्या बदल्यात दिलेली दहा वर्षे कोणी मोठ्याने वाचून दाखवत नाही. जाता जाता एक गोष्ट सांगायला हवी. मुंबई महापालिकेच्या कायद्यानुसार ३० वर्षांवरील इमारतीची संरचनात्मक तपासणी बंधनकारक आहे आणि त्या वयाच्या कितीतरी सोसायट्यांत तोपर्यंत पुनर्विकासाच्या सभा सुरू झालेल्या असतात. नव्या इमारतीवर तीस वर्षांचे कर्ज घेणाऱ्याचा शेवटचा हप्ता आणि इमारतीची ती तपासणी साधारण एकाच सुमारास यायची.

मुदत करारात एकदा लिहिली की तशीच राहते, असेही नाही. सध्याची बहुतेक गृहकर्जे बदलत्या दराची असतात. १ ऑक्टोबर २०१९ पासून बँकांना अशी नवी कर्जे बाह्य मानदंडाशी, म्हणजे बहुतेक वेळा रेपो दराशी, जोडावी लागतात. त्याआधी दर बँकेच्या अंतर्गत हिशेबावर ठरत असत, त्यामुळे वाढ लगेच आणि कपात सावकाश अशी जुन्या ग्राहकांची रास्त तक्रार होती. तिच्यावर हा उपाय चांगलाच होता. पण त्याची दुसरी बाजू २०२२ मध्ये दिसली. मे २०२२ पूर्वी ४ टक्के असलेला रेपो दर फेब्रुवारी २०२३ पर्यंत ६.५ टक्क्यांवर गेला. २०२१ च्या सणासुदीत ६.७ टक्के दराच्या जाहिराती सगळीकडे झळकत होत्या. त्या दराने ५० लाखांचे कर्ज वीस वर्षांसाठी घेतलेल्याचा हप्ता सुमारे ३७,८७० रुपये होता. अडीच टक्क्यांची वाढ पूर्ण लागू झाल्यावर दर झाला ९.२ टक्के. या दराने ५० लाखांवरचे महिन्याचे व्याजच ३८,३३३ रुपये होते, म्हणजे ठरलेल्या हप्त्यापेक्षा जास्त. दीड वर्षात थोडे मुद्दल फिटलेले असते म्हणून प्रत्यक्षातले व्याज ३७ हजारांच्या जरा आत बसते, आणि हप्त्यातून मुद्दलाच्या वाट्याला जेमतेम हजार रुपये येतात. हप्ता तोच ठेवायचा म्हटले तर अशा कर्जाला फिटायला आणखी चाळीस वर्षे लागतील. करार वीस वर्षांचा होता.

अशा वेळी बँकांनी सर्रास केले ते हेच: हप्त्याला हात लावला नाही, मुदत वाढवली. त्यामागे वाईट हेतूच असतो असे नाही. हप्ता वाढवला तर तो थकण्याचा धोका असतो आणि पगारातून परस्पर कापल्या जाणाऱ्या रकमेत बदल झाला की ग्राहक तक्रार घेऊन शाखेत येतो. मुदत वाढली तर तो येत नाही, कारण त्याला कळतच नाही. बँकेचा संदेश आलेला असतो, पण ‘आपल्या कर्जाच्या दरात सुधारणा झाली आहे’ एवढ्यावर तो संपतो.

रिझर्व्ह बँकेलाही हे दिसत होते. १८ ऑगस्ट २०२३ च्या परिपत्रकात तिने स्पष्ट म्हटले की कर्जदारांना नीट न कळवता किंवा त्यांची संमती न घेता मुदत आणि हप्ता वाढवल्याच्या अनेक तक्रारी आल्या आहेत. दर बदलताना हप्ता वाढवायचा, मुदत वाढवायची की दोन्ही थोडे थोडे, याची निवड कर्जदाराला द्यावी; स्थिर दराकडे जाण्याचा पर्याय द्यावा (ऑक्टोबर २०२५ पासून हे बँकेच्या इच्छेवर सोडले आहे); मुदत इतकी ताणू नये की हप्त्यातून व्याजही भागू नये; आणि आजवर किती मुद्दल व किती व्याज वसूल झाले, किती हप्ते उरले, हे सांगणारे विवरण दर तिमाहीला द्यावे, अशा सूचना त्यात होत्या. १ ऑक्टोबर २०२४ पासून प्रत्येक नव्या किरकोळ कर्जासोबत मुख्य तथ्यांचे विवरणपत्र देणे आणि तेही कर्जदाराला समजणाऱ्या भाषेत देणे बंधनकारक झाले. कागदावर हे सगळे उत्तम आहे.

महाराष्ट्राला या प्रश्नाची ओळख फार जुनी आहे. १८७५ मध्ये पुणे जिल्ह्यातल्या सुप्याला शेतकऱ्यांनी सावकारांविरुद्ध जो उठाव केला, त्यात गहाणखते आणि कर्जरोखे हिसकावून जाळण्यावर त्यांचा मुख्य रोख होता. हिशेब एका बाजूच्याच वहीत असेल तर दुसऱ्या बाजूला वही जाळण्यापलीकडे मार्ग दिसत नाही, एवढे सरकारच्याही ध्यानात आले असावे. १८७९ च्या दख्खन शेतकरी साहाय्य कायद्याने सावकाराकडून लेखी पावती, वर्षाचा हिशेब आणि पासबुकात नोंद मिळवण्याचा हक्क कर्जदार शेतकऱ्याला दिला. मुंबई इलाख्यात दामदुपटीचा नियमही होता: एका वेळी वसूल होणारे थकीत व्याज मुद्दलाहून जास्त असता कामा नये. आजही २०१४ च्या महाराष्ट्र सावकारी नियमन अधिनियमाखालच्या परवानाधारक सावकाराला मुद्दलापेक्षा अधिक व्याज वसूल करता येत नाही. बँकांना तो कायदा लागू नाही आणि तो लागू करावा असे मी म्हणत नाही. वीस-तीस वर्षांच्या कर्जाला तशी मर्यादा घातली तर लांब मुदतीचे कर्ज देणाराच उरणार नाही. पण हिशेब कर्जदाराच्या हाती असला पाहिजे हे तत्त्व इथे १८७९ मध्ये मान्य झाले होते, आणि २०२३ च्या परिपत्रकाला तेच नव्याने सांगावे लागले, याची नोंद घ्यावी.

आता माझ्या म्हणण्यावरच्या सर्वांत वजनदार आक्षेपाकडे येतो. एक कोटी चार लाख हा आकडा दाखवून लोकांना घाबरवणे हीही एक प्रकारची दिशाभूलच आहे, असे अर्थशास्त्र जाणणारा वाचक म्हणेल आणि त्याचे म्हणणे बरोबर आहे. वीस वर्षांनंतरचा रुपया आजचा रुपया नसतो. महागाई वर्षाला ५ टक्के धरली तर शेवटच्या हप्त्याच्या ४३,३९१ रुपयांची आजची किंमत साडेसोळा हजारांच्याही आत येते. याच पद्धतीने सगळे हप्ते आजच्या रुपयांत आणले तर वीस वर्षांच्या कर्जाची बेरीज सुमारे ६६ लाख होते, तीस वर्षांच्या कर्जाची साडेबहात्तर लाख. म्हणजे दहा वर्षांच्या वाढीव मुदतीची किंमत ३४ लाख नसून आजच्या पैशात सहा लाखांच्या आसपास आहे. समाजमाध्यमांवर ‘बँक तुमच्याकडून दोन घरांचे पैसे घेते’ असे ओरडून सांगणारे सल्लागार हा हिशेब कधी मांडत नाहीत.

तरीही माझे मत बदलत नाही. एक तर सहा लाख ही रक्कमही, ज्या कुटुंबाने पन्नास हजारांसाठी बिल्डरशी महिनाभर भांडण केले त्याच्यासाठी, लहान नाही. दुसरे, महागाईचा हा दिलासा त्यालाच मिळतो ज्याचे उत्पन्न महागाईबरोबर वाढत जाते. सरकारी नोकराचा महागाई भत्ता वाढतो. चाकणच्या कारखान्यातल्या कंत्राटी तंत्रज्ञाचा किंवा वयाच्या पंचेचाळिशीत कपातीच्या यादीत आलेल्या हिंजवडीतल्या अभियंत्याचा पगार तसा वाढेलच याची हमी कोणी देत नाही. त्याच्यासाठी हप्ता दर वर्षी हलका होत नाही, उलट उत्पन्न थांबले की तोच हप्ता एकदम जड होतो. सलग नव्वद दिवस थकले की खाते अनुत्पादित, म्हणजे थकीत कर्ज, ठरते आणि त्यानंतर २००२ च्या सरफेसी कायद्याखाली (कोर्टात न जाता तारण ठेवलेले घर ताब्यात घेण्याचा अधिकार बँकेला देणारा कायदा) साठ दिवसांची नोटीस येऊ शकते. तिसरे आणि माझ्या मते सर्वांत महत्त्वाचे म्हणजे मुदतीची किंमत रुपयांत पूर्ण मोजता येत नाही. बत्तिसाव्या वर्षी घेतलेले कर्ज बावन्नाव्या वर्षी संपणार असेल तर मुलांच्या उच्च शिक्षणाचा खर्च आणि निवृत्तीची तरतूद यांना हात मोकळा होतो. तेच बासष्टपर्यंत गेले तर भविष्यनिर्वाह निधीचा आणि ग्रॅच्युइटीचा पैसा कर्ज मिटवण्यात जातो. मधल्या काळात न पटणारी नोकरी सोडता येत नाही, बदली नाकारता येत नाही, स्वतःचा धंदा सुरू करण्याचा विचारही पुढे ढकलला जातो. महागाईच्या तक्त्यात यासाठी रकाना नाही.

इतर छुपे खर्च मी थोडक्यात सांगतो, कारण त्यांच्यावर पुष्कळ लिहिले गेले आहे. बांधकाम चालू असलेल्या घरासाठी ताबा मिळेपर्यंत फक्त व्याज भरण्याची सोय असते. ३० लाख उचललेले असतील तर ८.५ टक्क्यांनी महिन्याला २१,२५० रुपये जातात, आणि महारेराकडे (राज्याच्या गृहप्रकल्प नियामकाकडे) नोंदवलेली ताब्याची तारीख पुढे सरकली की तेवढे महिने ते जातच राहतात, मुद्दल मात्र एका रुपयानेही घटत नाही. कर्जाला जोडून एकरकमी विमा दिला जातो आणि त्याचा हप्ता कर्जातच मिळवला जातो. एक लाखाचा विमा याच दराने वीस वर्षांत दोन लाख आठ हजारांना पडतो. असा विमा कायद्याने सक्तीचा नाही, पण मंजुरीच्या घाईत ते सांगायला कोणाला वेळ नसतो. आणि ज्या करसवलतीच्या आधाराने आपल्या आधीच्या पिढीने ‘कर्ज असावेच’ असा सल्ला दिला, ती स्वतःच्या राहत्या घरासाठी नव्या करप्रणालीत मिळत नाही. जुन्यातही व्याजावरची वजावट दोन लाखांवर थांबते, तर आपल्या उदाहरणात पहिल्याच वर्षीचे व्याज सव्वाचार लाखांच्या घरात आहे.

मुदतीचा प्रश्न दर उतरताना पुन्हा समोर येतो, आणि तेव्हा तर त्याकडे कोणाचेच लक्ष नसते. फेब्रुवारी २०२५ पासून डिसेंबर २०२५ पर्यंत रेपो दर ६.५ वरून ५.२५ टक्क्यांवर आला. ‘तुमचा हप्ता कमी होणार’ असे मथळे सगळ्या वर्तमानपत्रांत आले. समजा आपल्या ५० लाखांच्या कर्जाचा दर ८.५ वरून ७.५ टक्के झाला. हप्ता कमी करून घेतला तर तो ४०,२८० रुपये होतो आणि वीस वर्षांत साधारण साडेसात लाख वाचतात. हप्ता ४३,३९१ रुपयेच ठेवला तर कर्ज सतरा वर्षांत संपते आणि जवळजवळ साडेपंधरा लाख वाचतात. कर्जदाराने जादा एक रुपयाही न भरता बचत दुप्पट होते. दर तेच, कर्ज तेच. फरक फक्त फायदा हप्त्यात घेतला की मुदतीत, एवढाच. म्हणून ‘हप्ता कमी होणार’ या मथळ्याने आनंदित होऊन शाखेत अर्ज देणाऱ्याला एकदा तरी हे दोन आकडे शेजारी शेजारी दाखवायला हवेत. बदलत्या दराच्या गृहकर्जावर मुदतपूर्व परतफेडीचा दंड घेण्यास रिझर्व्ह बँकेने बँकांना २०१२ मध्येच मनाई केली; वर्षाला एक जादा हप्ता भरला तरी ८.५ टक्क्यांचे आपले मूळ कर्ज साडेसोळा वर्षांच्या सुमारास मिटते आणि दहा लाखांच्या आसपास व्याज वाचते. पण ही सोय बँकेच्या दर्शनी फलकावर मला कधी दिसलेली नाही.

बँकांचे अधिकारी यावर म्हणतात की लोकांनाच कमी हप्ता हवा असतो, आम्ही लोकांना हवे ते देतो. यात तथ्य आहे. घरात लग्नकार्य किंवा आजारपण असेल तेव्हा महिन्याचे तीन हजार रुपये खरोखर मोठे असतात, आणि तिथे मुदत वाढवून घेणे हाच शहाणपणा ठरू शकतो. पण निवड करायची तर दोन्ही किमती समोर असायला हव्यात, आणि निवड केली नाही तर काय होईल हे बँकेच्या सोयीने ठरता कामा नये. आज कर्जदार गप्प राहिला तर मुदत वाढते. नियम उलटा हवा: दर वाढला आणि कर्जदाराने लेखी संमती दिली नाही तर हप्ता वाढावा, मुदत तीच राहावी, दर उतरला आणि कर्जदार गप्प राहिला तर हप्ता तोच राहून मुदत घटावी. ज्याला पहिल्या बाबतीत हप्त्याची वाढ परवडत नाही तो शाखेत येईल, मुदतवाढ मागेल, आणि तिची किंमत समजून सही करेल.

नियमाला दात असले की बँका तो पाळतात, याचे उदाहरण जवळच आहे. कर्ज फिटल्यावर घराची मूळ कागदपत्रे ३० दिवसांत परत करावीत, आणि बँकेमुळे उशीर झाला तर दिवसाला ५,००० रुपये भरपाई द्यावी, असा रिझर्व्ह बँकेचा आदेश सप्टेंबर २०२३ मध्ये निघाला. त्याआधी कागदांसाठी महिनोन्महिने खेपा घालाव्या लागत. आता शाखेत त्या तारखेची धास्ती असते. संमतीविना ताणलेल्या मुदतीला असा कोणताही ठरावीक भुर्दंड जोडलेला नाही. तो जोडावा. आणि तिमाही विवरणाच्या पहिल्याच ओळीत, मराठी ग्राहकाला मराठीत, तीन गोष्टी छापाव्यात: करारातली शेवटच्या हप्त्याची तारीख, आजच्या हिशेबाने येणारी तारीख, आणि दोन्हींत अंतर पडले असेल तर ते वाढवायला कर्जदाराने कोणत्या दिवशी सही केली त्याची नोंद. २०२२-२३ मध्ये ज्यांच्या मुदती वाढल्या त्यांच्या खात्यांपासून ही सुरुवात व्हावी, कारण त्यांपैकी पुष्कळांना ती दुसरी तारीख अजून ठाऊक नाही.